सर्पदंशाचे उत्तरपरिणाम व त्यांचे वैद्यकीय संकेतन

विषारी सर्पाच्या अपघाती दंशातून बचावलेल्या व्यक्तीच्या शरीरात वा मनात दीर्घकाळ राहणाऱ्या विकारांना सर्पदंशाचे उत्तरपरिणाम म्हणतात. रुग्णालयातील व मृत्युविषयक कागदपत्रांत अशा विकारांची ठराविक अक्षर व अंक वापरून नोंद करण्याच्या रीतीस वैद्यकीय संकेतन ही संज्ञा आहे. एकच विकार निरनिराळे वैद्य निरनिराळ्या शब्दांत लिहितात; त्या सर्व नोंदी एका सदराखाली आणून मोजता याव्यात, हा संकेतनाचा हेतू होय. ‘अपघाती’ या विशेषणालाही त्यात स्वतंत्र अर्थ आहे. आत्महत्या, घातपात व हेतू अनिश्चित असलेल्या घटना यांपासून अपघात वेगळा काढला जातो. या विषयाचा इतिहास पाहता असे दिसते, की सर्पदंशाने झालेला मृत्यू शासनाने बराच आधी मोजावयास घेतला. दंशातून वाचलेल्या माणसाची मोजदाद मात्र फार उशिरा सुरू झाली आणि ती अद्यापि अपुरी आहे.

पुणे जिल्ह्याच्या नैर्ऋत्येकडील भोर व वेल्हे हे सह्याद्रीतील तालुके या प्रश्नाच्या दृष्टीने उदाहरणादाखल घेण्याजोगे आहेत. अशा प्रदेशात सर्पदंश शेतीच्या नित्य कामाशी निगडित असतो आणि त्याचे दूरगामी परिणाम कागदावर कसे विरळ होत जातात, हेही येथे स्पष्ट करता येते.

प्रदेश व दंशाची पार्श्वभूमी : भोर ही पंतसचिवांच्या संस्थानाची राजधानी होती. १९४८ मध्ये हे संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले. राजगड व तोरणा हे किल्ले वेल्हे तालुक्यात असून, तालुक्यास राजगड हे नाव देण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने २०२४ मध्ये घेतला. नीरा, वेळवंडी, गुंजवणी, कानंद इ. नद्यांच्या अरुंद खोऱ्यांत व भाटघर, पानशेत, वरसगाव आदी धरणांच्या जलाशयांकाठी येथील गावे व वाड्या विखुरलेल्या आहेत. पश्चिमेकडील घाटमाथ्यावर पाऊस अतिशय पडतो. भात हे मुख्य पीक असून उतारावर नाचणी व वरी ही पिके घेतात. उन्हाळ्यात राबासाठी पालापाचोळा व गवत गोळा करणे, पावसाळ्यात अनवाणी पायांनी खाचरात उतरून लावणी करणे, शरदात भाताची कापणी व मळणी करणे आणि गवताच्या गंज्या रचणे ही सर्व कामे हातापायांनी जमिनीलगत करावयाची असतात. उंदरांच्या मागे सर्प खळ्यात व घरात येतात. सरपणाचे ढीग व दगडी बांध त्यांना आश्रय देतात.

नाग, मण्यार, घोणस व फुरसे हे चार विषारी सर्प महाराष्ट्रात सर्वत्र वैद्यकीय दृष्ट्या महत्त्वाचे मानले जातात. दाट झाडीच्या घाटभागात चापडा हा हिरवा सर्पही आढळतो. नाग व घोणस यांचा दंश बहुधा शेतात किंवा वाटेवर होतो. मण्यार प्रायः रात्री, जमिनीवर झोपलेल्या माणसास चावते. भोर येथे उपजिल्हा रुग्णालय व वेल्हे येथे ग्रामीण रुग्णालय आहे. गंभीर रुग्णास पुण्यास न्यावे लागते. म्हणजे एकाच दंशाची नोंद प्राथमिक आरोग्य केंद्र, तालुक्याचे रुग्णालय व शहरातील मोठे रुग्णालय अशा तीन ठिकाणी होऊ शकते. पुढे उद्भवणाऱ्या विकाराची नोंद चौथ्याच ठिकाणी होण्याचा संभव असतो.

उत्तरपरिणामांचे स्वरूप : सर्पविष स्वतः शरीरात वर्षानुवर्षे राहत नाही, त्याने केलेली हानी मात्र राहते. नाग व घोणस यांच्या दंशाच्या जागी ऊतकांचा नाश होतो. जखम भरून आली, तरी त्वचा व स्नायू आखडतात, सांधा वाकलेला राहतो आणि काही रुग्णांत बोट, हात वा पाय कापून टाकावा लागतो. घोणशीच्या विषाने रक्त साकळण्याची क्रिया बिघडते व वृक्कांना तीव्र इजा पोहोचते. बहुसंख्य रुग्णांत ही इजा भरून येते. काहींत मात्र वृक्कांचा बाह्य भाग कायमचा मृत होतो व जुनाट वृक्कविकार जडून आयुष्यभर डायलिसिसवर अवलंबून राहावे लागते. फुरसे व घोणस यांच्या दंशानंतर मेंदूत रक्तस्राव झाल्यास अर्धांगवायू राहू शकतो. मण्यारीच्या दंशाने येणारा पक्षाघात वेळीच कृत्रिम श्वसन दिल्यास बहुधा पूर्णपणे ओसरतो. परंतु श्वास बंद पडून मेंदूस ऑक्सिजन न मिळाल्यास कायमची हानी होते.

याहून लपलेला परिणाम पोष ग्रंथीचा आहे. घोणशीच्या दंशातून बचावलेल्या व्यक्तींत ही ग्रंथी निकामी झाल्याचे ब्रह्मदेशातील रुग्णांच्या अभ्यासातून १९८७ मध्ये विस्ताराने मांडण्यात आले. प्रसूतिसमयी अतिरक्तस्रावानंतर स्त्रियांत आढळणाऱ्या विकाराशी त्याचे साम्य आहे. अशक्तपणा, थंडी सहन न होणे, केस गळणे, मासिक पाळी बंद होणे ही त्याची लक्षणे दंशानंतर काही महिन्यांनी वा वर्षांनीही लक्षात येतात. त्यामुळे रुग्ण वा वैद्य यांपैकी कोणालाच सर्पाची आठवण होत नाही, असे घडते. मानसिक परिणामांकडेही उशिराच लक्ष गेले. दंशानंतर दीर्घकाळ टिकणारी भीती, निद्रानाश, खिन्नता व शेतात पाय टाकण्याची धास्ती यांचा अभ्यास श्रीलंकेत होऊन त्याचे निष्कर्ष २०११ मध्ये प्रसिद्ध झाले.

पूर्वेतिहास : विषाचे परिणाम दीर्घकाळ टिकतात, ही कल्पना भारतीय वैद्यकात जुनी आहे. सुश्रुतसंहितेच्या कल्पस्थानात सर्पांचे प्रकार, दंशाची लक्षणे व उपचार यांचे सविस्तर विवेचन आहे. त्याच स्थानात ‘दूषीविष’ ही संज्ञा आली आहे. स्थावर, जंगम वा कृत्रिम विष शरीरातून पूर्णपणे निघून न जाता क्षीण होऊन राहते आणि अनुकूल काळ येताच निरनिराळे विकार उत्पन्न करते, असे तेथे मानले आहे. आधुनिक विकृतिविज्ञानाशी ही उपपत्ती जुळत नाही. तथापि विषबाधेचा विचार पहिल्या काही दिवसांपुरता करून भागत नाही, ही जाणीव तीत स्पष्ट आहे.

ब्रिटिश अमदानीत सर्पदंशाची मोजदाद सुरू झाली ती मृत्यूंपुरती. बंगालमधील शल्यवैद्य जोसेफ फेरर (१८२४–१९०७) यांनी १८६९ या वर्षासाठी निरनिराळ्या प्रांतांकडून आकडे मागविले. सु. १२ कोटी लोकसंख्येच्या प्रदेशातून त्यांच्याकडे ११,४१६ मृत्यूंची नोंद आली. भारतातील विषारी सर्पांवरील त्यांचा ग्रंथ १८७२ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे हिंस्र पशू व सर्प यांमुळे झालेल्या मृत्यूंची वार्षिक विवरणे सरकार प्रसिद्ध करू लागले. त्यांत मारलेल्या सर्पांची संख्या व त्यांबद्दल दिलेली बक्षिसे यांचेही रकाने असत. कोकणात रत्नागिरी जिल्ह्यात फुरसे मारणाऱ्यांना अशी बक्षिसे मिळत. किती माणसे मेली व किती सर्प मारले, हे या विवरणांतून कळे. वाचलेल्यांचे पुढे काय झाले, याला त्यांत जागा नव्हती.

त्या काळी याचे एक कारण वैद्यकीयही होते. गंभीर विषबाधेवर परिणामकारक औषध नसल्याने वाचणारे थोडे असत. आल्बेर काल्मेत (१८६३–१९३३) यांनी १८९४–९५ च्या सुमारास घोड्यांच्या रक्तरसापासून प्रतिविष तयार करण्याची रीत प्रचारात आणली. मुंबईत परळ येथे १८९९ मध्ये आलेल्या प्लेग संशोधन प्रयोगशाळेस १९२५ मध्ये हाफकिन संस्था हे नाव मिळाले. या संस्थेत व १९७५ पासून तिच्यापासून वेगळ्या झालेल्या औषध निर्माण महामंडळात चारही प्रमुख सर्पांच्या विषांवर चालणारे प्रतिविष तयार होत आले असून, त्यासाठी लागणारे घोडे पुण्याजवळ पिंपरी येथे पाळले जात. प्रतिविष, रक्त देण्याची सोय, कृत्रिम श्वसन व डायलिसिस यांमुळे जसजसे अधिक लोक वाचू लागले, तसतसा उत्तरपरिणामांचा प्रश्न वाढत गेला. उपचारांतील यशामुळे या रुग्णांचा एक नवा वर्ग निर्माण झाला. पण त्यासाठी नोंदवहीत नवा रकाना आला नाही.

वर्गीकरणाचा विकास : रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचे मूळ मृत्यूच्या कारणांच्या यादीत आहे. इंग्लंडच्या निबंधक कार्यालयातील सांख्यिकीविज्ञ विल्यम फार (१८०७–८३) यांनी एकसारख्या नामावलीचा आग्रह धरला. १८५५ मध्ये पॅरिस येथील सांख्यिकी परिषदेपुढे अशी यादी आली. झाक बेर्तीयाँ (१८५१–१९२२) यांनी तयार केलेली यादी १८९३ मध्ये आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या शिकागो येथील अधिवेशनात स्वीकारण्यात आली व १९०० पासून तिच्या आवृत्त्या निघू लागल्या. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि मृत्यूबरोबर आजारांचेही वर्गीकरण तीत समाविष्ट झाले. उत्तरपरिणामांच्या दृष्टीने हा बदल मूलभूत होता, कारण जिवंत रुग्णाची गणना त्यामुळेच शक्य झाली.

१९७५ मध्ये संमत झालेल्या नवव्या आवृत्तीत विषारी सर्प व सरडे यांच्या दंशास बाह्य कारणांच्या विभागात ई ९०५.० हा संकेत होता. अपघाताच्या उत्तरपरिणामांसाठी निराळी सदरे होती. पण सर्पदंशाचा उत्तरपरिणाम तीत नैसर्गिक व परिसरीय कारणांमुळे झालेल्या सर्व अपघातांच्या उत्तरपरिणामांबरोबर ई ९२९.५ या एकाच संकेतात सामावला होता. दहावी आवृत्ती १९९० मध्ये संमत होऊन १९९४ पासून वापरात आली. तीत सर्पविषाच्या परिणामास टी ६३.० व विषारी सर्प वा सरडे यांच्याशी आलेल्या अपघाती संपर्कास एक्स २० हे संकेत आहेत. दुसऱ्या संकेतास घटनास्थळाचा अंक जोडता येतो. घरी झालेल्या दंशास ० व शेतावरील दंशास ७. इजेनंतर एक वर्ष वा अधिक काळ राहिलेल्या, किंवा उत्तरपरिणाम म्हणून स्पष्ट नोंदविलेल्या विकारासाठी मात्र टी ९७ व वाय ८६ हे संकेत वापरावयाचे असतात. यांतील टी ९७ मध्ये औषधी नसलेल्या सर्व पदार्थांच्या विषबाधेचे उत्तरपरिणाम येतात, म्हणजे कीटकनाशक, मद्यार्क व सर्पविष हे सर्व एकत्र. वाय ८६ मध्ये वाहनअपघात सोडून इतर सर्व अपघातांचे उत्तरपरिणाम येतात. वर्ष उलटताच दंशाची जागा व सर्प ही दोन्ही माहिती संकेतातून गळते.

अमेरिकेने आपल्या रुग्णालयांसाठी २०१५ पासून वापरात आणलेल्या सुधारित आवृत्तीत ही उणीव दूर केली आहे. तीत सर्पाचा प्रकार, दंश अपघाती की हेतुपुरस्सर व भेट प्रथम उपचाराची की उत्तरपरिणामासाठी, हे सर्व एकाच संकेतात लिहिता येते. उदा., टी ६३.०४१एस या संकेताचा अर्थ नागाच्या विषाच्या अपघाती बाधेचा उत्तरपरिणाम असा होतो. घोणस मात्र तेथे ‘इतर आफ्रिकी व आशियाई सर्प’ या सदरात जाते. सर्वांत सूक्ष्म संकेत अशा रीतीने सर्पदंशाने फार थोडी माणसे दगावणाऱ्या देशात तयार झाला. तेथील रुग्णालयांची देयके व विम्याचे दावे संकेतांवर चालतात, हे त्याचे कारण होय.

संकेतनाची रीत व तीतील अडचणी : जागतिक आरोग्य संघटनेच्या दहाव्या आवृत्तीतील नियमानुसार उत्तरपरिणामासाठी दाखल झालेल्या रुग्णाचा मुख्य संकेत प्रत्यक्ष विकाराचा द्यावयाचा असतो. ‘उत्तरपरिणाम’ दर्शविणारा संकेत त्याला जोडणे ऐच्छिक आहे. याचा अर्थ उदाहरणाने स्पष्ट होईल. वेल्हे तालुक्यातील एखाद्या स्त्रीस लावणीच्या वेळी खाचरात घोणस चावली असे मानल्यास पहिल्या दिवशी तिची नोंद टी ६३.० व एक्स २०.७ अशी होईल. पुढे तिचे बोट कापावे लागले, तर दोन वर्षांनंतरच्या नोंदीत झेड ८९.० म्हणजे बोटाचा अभाव एवढेच राहील. वृक्क निकामी झाल्यास एन १८, पोष ग्रंथी निकामी झाल्यास ई २३.० व आघातोत्तर मानसिक विकार असल्यास एफ ४३.१ असे संकेत पडतील. यांतील एकाही संकेतात सर्प नाही. पाच वर्षांनी तिचा वृक्कविकाराने मृत्यू झाला, तर मृत्यूच्या कारणाच्या प्रमाणपत्रात डॉक्टरांनी मूळ कारण म्हणून पूर्वीचा सर्पदंश व त्याचा काळ लिहिला असेल, तरच संकेतकार तो वाय ८६ मध्ये घालू शकतो. तसे न लिहिल्यास तो मृत्यू साध्या वृक्कविकाराचा ठरतो. शहरातील रुग्णालयात डायलिसिस घेणाऱ्या रुग्णाच्या कागदावर हा पूर्ववृत्तांत येणे हे विचारणाऱ्याच्या चिकाटीवर व सांगणाऱ्याच्या स्मरणावर अवलंबून असते.

दुसरी अडचण प्रारंभीच्या नोंदीची आहे. सर्प ओळखला गेला नाही, तर ‘अज्ञात दंश’ असे लिहिले जाते. मण्यारीच्या दंशाची खूण अनेकदा दिसतही नाही. काही रुग्ण प्रथम मांत्रिकाकडे किंवा गावठी औषध देणाऱ्याकडे जातात आणि दवाखान्यात पोहोचेपर्यंत दंशाची वेळही अनिश्चित होते. मूळ घटनाच संदिग्ध राहिल्यास पुढील विकाराशी तिचा संबंध जोडणे कठीण जाते.

महाराष्ट्रातील कार्य : सर्पदंशाचे वास्तव ग्रामीण वैद्यांनी आपल्या नोंदींतून पुढे आणल्याची उदाहरणे भोरच्या आसपासच आढळतात. भोरहून वरंध घाट उतरून महाडकडे जाताना लागणाऱ्या बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात १९७६ मध्ये रुजू झालेले डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी विंचूदंशावरील उपचारांत मौलिक भर घातली. पश्चिम महाराष्ट्रातील सर्पदंशाचे त्यांनी नोंदविलेले रुग्णवृत्तांतही आंतरराष्ट्रीय वैद्यकीय नियतकालिकांतून प्रसिद्ध झाले आहेत. पुणे जिल्ह्याच्या उत्तर भागात नारायणगाव येथे डॉ. सदानंद राऊत व डॉ. पल्लवी राऊत यांनी सर्पदंशावरील उपचार व लोकशिक्षण यांचे काम दीर्घकाळ चालविले आहे. या प्रयत्नांचा मुख्य रोख प्राण वाचविण्यावर राहिला, हे स्वाभाविकच आहे. वाचलेल्या रुग्णांचा वर्षानुवर्षे मागोवा घेण्यासाठी एकट्या वैद्याचे साधन पुरे पडत नाही; त्यास सार्वजनिक नोंदव्यवस्थाच लागते.

गणनेचे महत्त्व व सद्यःस्थिती : नोंदीवाचून प्रश्न किती लहान दिसतो, याचा प्रत्यय मृत्यूंच्या बाबतीत आला आहे. देशातील घरोघर चौकशी करून केलेल्या पाहणीवरून २००५ मध्ये भारतात सर्पदंशाने सु. ४५,९०० मृत्यू झाल्याचा अंदाज २०११ मध्ये प्रसिद्ध झाला. रुग्णालयांच्या विवरणांतील संख्येच्या तो तीसपटींहून अधिक होता. २००० ते २०१९ या काळासाठी वर्षाला सरासरी ५८,००० मृत्यूंचा अंदाज २०२० मध्ये मांडण्यात आला. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात दरवर्षी ८१,००० ते १,३८,००० लोक सर्पदंशाने मरतात व त्याच्या सु. तिप्पट लोकांना अवयवच्छेद वा अन्य कायमचे अपंगत्व येते. या संघटनेने २०१७ मध्ये सर्पदंशाचा समावेश उपेक्षित उष्ण कटिबंधीय रोगांत केला आणि मृत्यू व अपंगत्व ही दोन्ही २०३० पर्यंत निम्म्यावर आणण्याचे उद्दिष्ट २०१९ मध्ये जाहीर केले. भारताचा राष्ट्रीय कृती आराखडा मार्च २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. सर्पदंशाचे रुग्ण व मृत्यू यांची माहिती देणे सर्व शासकीय व खाजगी रुग्णालयांस बंधनकारक करावे, असे केंद्र शासनाने नोव्हेंबर २०२४ मध्ये राज्यांना कळविले. या सूचनेचा भर तात्कालिक रुग्ण व मृत्यू यांवर आहे. मूळ अपंगत्व मोजलेले नसेल, तर ते निम्म्यावर आले की नाही, हे ठरविता येणार नाही.

याचा संबंध कुटुंबाच्या चरितार्थाशीही पोहोचतो. महाराष्ट्र शासनाच्या गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेत (२०२३) सर्पदंशाचा समावेश आहे. मृत्यू झाल्यास किंवा दोन डोळे वा दोन अवयव निकामी झाल्यास २ लाख रु. आणि एक डोळा वा एक अवयव निकामी झाल्यास १ लाख रु. मिळतात. डोळ्यांना दिसणारी हानी दाखविणे सोपे असते. दंशानंतर काही वर्षांनी बळावलेला वृक्काचा वा पोष ग्रंथीचा विकार हा त्याच अपघाताचा परिणाम आहे, हे दाखविण्यास मात्र वैद्यकीय कागदांची अखंड साखळी लागते; आणि वर पाहिल्याप्रमाणे संकेतनात ती साखळी पहिल्या वर्षानंतरच तुटते.

वर्गीकरणाची अकरावी आवृत्ती २०१९ मध्ये संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अंमलात आली. तीत अनेक संकेत एकमेकांस जोडून एकाच नोंदीत विकार, त्याचे कारण व परिस्थिती लिहिण्याची सोय आहे. त्यामुळे जुनाट वृक्कविकार व पूर्वीचा सर्पदंश यांची सांगड एका नोंदीत घालता येणे शक्य झाले आहे. तथापि या सोयीचा उपयोग संकेत देणाऱ्यापूर्वी केसपेपर लिहिणाऱ्यावर अवलंबून आहे. दंशाची तारीख, ठिकाण, सर्पाचा प्रकार व दिलेले प्रतिविष यांची नोंद रुग्णास घरी पाठविताना त्याच्या हाती लेखी देणे, सहा महिन्यांनी व वर्षाने वृक्कांची तपासणी करणे आणि जुनाट वृक्कविकाराच्या वा अशक्तपणाच्या रुग्णास पूर्वी सर्पदंश झाला होता काय, हे विचारणे, एवढ्या साध्या उपायांनी ही उणीव बरीच भरून निघेल. वेल्हे हा पुणे जिल्ह्यातील सर्वांत कमी लोकसंख्येचा तालुका असून विखुरलेल्या वाड्यांतील असे रुग्ण वर्षाकाठी मोजकेच असणार. त्यांची नोंद प्रत्येक वेळी बिनचूक झाली, तरच ते राज्याच्या आकड्यांत दिसू शकतील.